शालिनीताईंचं टेबल

शालिनीताई रोज ऑफिसात आल्या की पर्स ठेवायच्या आधी टेबल भिंतीपासून हातभर पुढे ओढायच्या. सफाईवाला ते मागे सारायचा, ताई पुन्हा ओढायच्या. मी विचारलं तर म्हणाल्या, "अगं, दोन्हीकडून वाट हवी." वय झालं की माणसं चक्रम होतात, दुसरं काय, असं मी मनात म्हटलं.

मस्कतच्या त्या स्पेअर पार्ट्सच्या कंपनीत बावीस वर्षं त्या मॅनेजरसाहेबांच्या सेक्रेटरी होत्या. जेवताना मोबाइलवर शंभर वर्षांपूर्वीचे मूक विनोदी सिनेमे बघायच्या, तेही टायपिस्ट पोरींचे. साहेब टेबलाभोवती मागे लागलाय, ती पळतेय, खुर्ची उलटतेय. मी खो खो हसायचे. ताई मात्र परीक्षा असल्यासारख्या बघायच्या. "ही खुळी आहे. तिकडे कशाला वळली, तिकडे कपाट आहे ना! ही हुशार बघ, फाइल पुढे धरली."

त्या निवृत्त होणार होत्या आणि त्यांची खुर्ची मला मिळणार होती. निरोपाला काहीतरी झकास करावं म्हणून मी ऑफिसच्या कॅमेऱ्याचं आठवडाभराचं फुटेज घेतलं, काळं-पांढरं केलं, भरभर पळवलं, वर पियानो लावला. एडिट करताना पोट धरून हसले होते.

गुरुवारी निरोपाचा हलवा आणि काहवा, म्हणजे अरबी कॉफी, झाल्यावर माझा सिनेमा पडद्यावर लावला. साहेब येतात, ताई उठतात. साहेब उजवीकडून, ताई डावीकडून. ताई फाइल छातीशी धरतात. सगळे हसत होते. तिसऱ्या फेरीला मी पडद्याकडे नीट बघितलं. अगं बाई! हा सिनेमा कुठे आहे? हा आमचा सोमवार. हा मंगळवार. हसणं एकेक करत थांबलं, नुसता पियानो वाजत राहिला. साहेब फोनमध्ये डोकं घालून बसले होते.

"खलास. बंद करा," आमचे ओमानी मालक म्हणाले. त्यांना सगळे अर्बाब म्हणायचे.

मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. जिन्यात ताईंना गाठलं. "ताई, शप्पथ, मला कळलंच नाही हो! तुम्ही कधी बोलला का नाहीत?"

"व्हिसा कंपनीचा, मुली तेव्हा शाळेत. आणि बोलून काय झालं असतं?" त्या थकून म्हणाल्या. "आत्ता बघितलंस ना, आधी सगळे हसलेच."

शुक्रवार-शनिवारची सुट्टी संपून रविवारी ऑफिस उघडलं. ताईंचं, आता माझं, टेबल भिंतीला लागलेलं होतं. मी पर्सही न ठेवता ते पुढे ओढायला लागले आणि दचकून थांबले. अरे, मी हे काय करतेय?

टेबल तसंच सोडलं. तो सिनेमा पेन ड्राइव्हवर घेतला आणि अर्बाबांच्या दारावर टकटक केली.