टाचणीकाकांची टेकडी

घाटकोपरची आमची टेकडी तुमच्या फोनमधल्या नकाशात नुसती हिरवी दिसते. तिथे माणसं राहतात का, असा प्रश्न तुम्हाला कधी पडला? टाचणीकाका तो ज्याला त्याला विचारायचे, अगदी रेशनच्या रांगेतसुद्धा.

काका मालवणकडचे, निवृत्त ड्राफ्ट्समन. काकूंच्या छातीत दुखलं तेव्हा अॅम्ब्युलन्स पायथ्याशीच घिरट्या घालत राहिली, कारण ड्रायव्हरच्या फोनात वर यायला रस्ताच नव्हता. काकूंना चादरीच्या झोळीतून खाली न्यावं लागलं. डॉक्टर म्हणाले, पुन्हा एवढा उशीर केलात तर हाती लागणार नाहीत.

मी तावातावाने महापालिकेच्या निषेधाचं पत्रक लिहिलं. काकांनी ते वाचलं, शुद्धलेखनाच्या दोन चुका काढल्या आणि म्हणाले, "झकास! पण ह्या वाचून गाडी वर येतली काय गो?"

मग त्यांनी कॉम्प्युटरवर तीन नकाशे चढवले: मोजणीचा जुना, पाण्याच्या पाइपांचा आणि लसीकरणवाल्या ताईंनी हाताने काढलेला. तिन्ही जुळवून एकच नकाशा इंटरनेटवरच्या खुल्या नकाशात घालायचा होता; त्यात कुणालाही भर घालता येते आणि ती ड्रायव्हरच्या फोनात दिसते. "नकाशाक टाचणी मारूक नाय तर तो उडान जाता," ते बजावायचे. टाचणी म्हणजे न हलणारी खूण: विहिरीचा कठडा, टाकीचा कोपरा. तिथे उभं राहून फोनवर अक्षांश-रेखांश घ्यायचे आणि नकाशातली तीच जागा त्यांना जोडायची.

एका टाचणीने मात्र वाट लावली. ताईंच्या गेल्या वर्षीच्या नकाशात गणपतीचा मंडप होता. काकांनी त्याचाच खांब धरला. पण मंडळात भांडण होऊन यंदा मंडप नाल्यापलीकडे गेला होता! अख्खा नकाशा सरकला आणि मुख्य गल्ली थेट नगरसेवकांच्या मोरीतून गेली.

"काका, हे बदला!"

"रवांदे गो. एकदा तरी लोक साहेबांपर्यंत पोचतले!"

दोन दिवस हसून झाल्यावर त्यांनी ती टाचणी सार्वजनिक संडासाच्या तुटक्या पायरीवर मारली. ती दुरुस्त करायला कोणी फिरकत नाही, म्हणजे हलायची भीती नाही.

पुढच्याच महिन्यात काकूंना पुन्हा कळ आली. गाडी नकाशा बघत सरळ दारात. स्ट्रेचरवरूनही काकू ओरडल्या, "अहो, गॅस बंद करा!"

आता दोघं गावी गेलेत. टेकडीची मागची बाजू करायची राहिली आहे. ती आम्ही करतोय. तुम्ही तुमची करा. आजच फोन घेऊन आपल्या गल्लीतून चाला, आणि नकाशात ती नसेल तर काढा. सुरुवात त्या दारापासून करा, जिथे कुणी आजारी आहे.