देवदार म्हणून घेतलेली फळी

पन्नासच्या दशकात मी वर्ध्याला मास्तर होतो. तेव्हा नालवाडीला एक सुतार होता; त्याचं नाव मी कधी विचारलं नाही. लाकूड बघण्याआधी तो ते हुंगायचा. देवघरासाठी देवदार म्हणून घेतलेली माझी फळी त्याने नाकाशी धरली.

“चीड हाय, गुरुजी.”

“चीड तर मला येतेय!”

“राग नाई, झाड. हिमालयातलं. गाठीत राळ हाय, उन्हाळ्यात पाझरन.”

“हिमालय पाहिलात?”

“नाई. मुंबईचा गिरणीवाला कुठं पऱ्हाटी पाहते? पण कापूस बरोबर ओळखते.”

तरी हट्टाने मी तीच फळी देवघरात मांडली. वैशाखात आंघोळीसाठी बाळकृष्ण उचलला, तर खालची फळीही वर आली. मी ती हुंगली. चीडच होती, आणि मला माझीच आली होती.