न बसणारा जिना

बाबांनी जन्मभर लोकांच्या घरांचे नकाशे काढले. हल्ली त्यांना फारसं आठवत नाही, तरी दुपारी कागद घेऊन बसतात. कालच्या नकाशात आमच्या फ्लॅटच्या गॅलरीला लागूनच त्यांच्या लहानपणचं मिरजेचं स्वयंपाकघर होतं. त्यावर एक खोली. "इथे तुझी आई," ते म्हणाले. आईला जाऊन बरीच वर्षं झाली.

"जिना कुठून घेऊ गं? कुठूनही चढवला तरी खालीच येतोय."

असं घर बांधता येत नाही, हे त्यांना सांगवेना. माझ्याही मनात गेलेले दिवस असेच भिंतीला भिंत लावून उभे आहेत, फक्त जायला वाट नाही. मी पेन्सिल नुसतीच धरून बसले.

"राहू दे," बाबा म्हणाले. "तिला थांबायची सवय आहे."