वत्सलाताईंच्या व्हरांड्यातली काडेपेटी

वत्सलाताईंना मी पहिल्यांदा पाहिलं तेव्हा त्यांचा चेहरा दिसलाच नव्हता. मराठी मंडळाच्या गणपतीत त्या तोंडावर जाळी चढवून तलवारबाजी दाखवत होत्या. विलायतेत वकिली शिकून येताना त्यांनी ही विद्याही आणली होती. जाळी निघाली तर आत आईच्या वयाची हसरी बाई. मी नऊ वर्षांची. बाबांच्या मागे लागले, आणि दर रविवारी राइट टाउन भागातल्या त्यांच्या घराच्या व्हरांड्यात शिकायला जाऊ लागले.

त्यांचा पहिला नियम असा, की पात्याचं टोक ज्याला लागलं त्यानेच डावा हात वर करायचा. समोरच्याने सांगायची वाट पाहायची नाही.

ते लढाईचं वर्ष होतं. बाबा खमरियाच्या सरकारी कारखान्यात, दारूगोळा भरायच्या विभागात होते. एका सोमवारी फाटकावरच्या झडतीत त्यांच्या कोटात काडेपेटी सापडली. तिथे एवढ्यानेही नोकरी जायची. त्या दिवसांत तर घातपाताचाच संशय. बाबा विडीसुद्धा ओढत नव्हते. ते निलंबित झाले, क्वार्टर सोडायची वेळ आली. काडेपेटी कुठून आली, हे त्यांना सांगता येईना. त्यांच्या बाजूने वकील म्हणून ताई उभ्या राहिल्या.

मला मात्र ठाऊक होतं. आदल्या दिवशी स्टोव्हसाठी काडेपेटी आणायला ताईंनी मला कोपऱ्यावर पाठवलं होतं. परतले तर खेळायचा नंबर माझाच. मला पोचवायला आलेल्या बाबांचा कोट तिथेच खुंटीवर होता; हातमोजा चढवायचा म्हणून ती मी त्यात टाकली आणि विसरले. तेवढ्यात शेजारणीने दुसरी दिल्यामुळे ताईंनीही ती मागितली नाही. आता भीतीने माझं तोंड उघडत नव्हतं.

पुढच्या रविवारी माझं पातं सारखं खाली जात होतं. ताईंनी जाळी वर केली.

“काहून गं बेटा, काय लपवून राहिलीस?”

मी डावा हात वर केला आणि सगळं सांगितलं. त्या रागावल्या नाहीत. त्यांनी हातातलं पातं भिंतीला टेकवलं.

“तू हात वर केलास,” त्या म्हणाल्या, “आता मी करते. पाठवलं तर मीच होतं ना.”

तेव्हा परराष्ट्र खात्यात त्यांची निवड होऊन पोलिसांची पडताळणी चालू होती. अशा चौकशीत नाव येणं त्यांना परवडणारं नव्हतं. बाबांनी हात जोडून नको म्हटलं. तरी ताई वकील म्हणून बाजूला झाल्या आणि साक्षीदार म्हणून उभ्या राहिल्या. काडेपेटी आपल्या घरची, मुलीला आपणच पाठवलं, असं त्यांनी लेखी दिलं. दुकानदाराचा जबाबही आणला. बाबा कामावर परतले. ताईंची नेमणूक मात्र दोन वर्षं अडली. त्याबद्दल त्यांनी मला कधी एक शब्द ऐकवला नाही. रविवारचा वर्ग तेवढा चालू राहिला.

पुढे त्यांनी अनेक देशांतल्या आपल्या दूतावासांत काम केलं. एकदा कार्यालयाच्या चुकीने एका मजुराची कागदपत्रं अडली, तेव्हा त्या त्याच्या खोलीवर जाऊन माफी मागून आल्या, असं त्यांच्या एका सहकाऱ्यांनी मला सांगितलं. मला नवल वाटलं नाही.

आज ताई पंचाहत्तर वर्षांच्या होत आहेत. गुडघे साथ देत नाहीत, म्हणून त्याच व्हरांड्यात खुर्चीवर बसून त्या माझ्या मुलीला शिकवतात. परवा तिला टोक लागलं, आणि कोणी काही म्हणायच्या आत तिचा डावा हात वर गेला. ताईंनी वळून माझ्याकडे पाहिलं. असं वळून पाहायला त्या आमच्यात अजून खूप वर्षं, धडधाकट राहोत.