खुंटीवरचा पट्टा

मी भित्री आहे, हे आधीच सांगून टाकते. ढग गडगडले तरी मी उतरंडीमागे जाऊन बसायची. आणि नशीब असं, की मला नवरा मिळाला तो जंगलाचा नाकेदार.

संग्रामपूरच्या वर, सातपुड्याच्या पायथ्याशी आमचा नाका. नवं राज्य होऊन थोडेच दिवस झाले होते. एका पहाटे सागचोरांवर पाळत ठेवून बसलेले असताना ह्यांच्यावर अस्वल आलं. उजवा हात कामातून गेला, जबडा मोडला. त्यांचं बोलणं फक्त मलाच कळायचं. जखम कामावर झाली असं ठरलं, तर लाकडाच्या डेपोत बसून करायचं काम मिळणार होतं आणि नाक्यावरची सरकारी खोली राहणार होती. नाही ठरलं, तर लेकरांसकट रस्त्यावर.

हुकूम आला तो एका ओळीचा. नामंजूर. का, ते कुठेच नाही. अरे, माणसाला घराबाहेर काढता, तर कशासाठी ते तरी सांगा! आपलं काय चुकलं हेच कळेना. आम्ही वर अर्ज केला.

चौकशीला नवे साहेब रेस्ट हाऊसवर येणार, त्याच्या आदल्या दिवशी ऑफिसातला बाबू आला आणि हळूच म्हणाला, "वयनी, त्यायच्या अंगावर पट्टा नव्हता म्हून नामंजूर झालं. पट्टा नाही म्हंजे ड्यूटी नाही. तुमी सांगा, पट्टा होता."

कमरेचा सरकारी पट्टा घरी खुंटीला होता. त्याला पितळी बिल्ला आणि साखळी, चालताना वाजायची. चोर धरायला जाताना सगळेच नाकेदार तो घरी ठेवत. नियम मात्र म्हणायचा, अंगावरच हवा. खरं सांगावं तर खोली जाणार, शिवाय बाकीच्यांच्या नोकऱ्यांवरही येणार.

"काय सांगू?" मी ह्यांना विचारलं. ते म्हणाले, "तुले वाटन थे." असा राग आला मला! घाबरायचं मी आणि ठरवायचंही मीच.

दुसऱ्या दिवशी साहेबांपुढे उभी राहिले. व्हरांड्यात बाकीचे नाकेदार. खिडकीशी बाबू, मला मान हलवून खुणावत होता.

"बाई, त्या दिवशी पट्टा कुठे होता?"

मी तोंड उघडलं, पण घशातून आवाजच फुटेना.

"घरी, साहेब. खुंटीले."

बाबूने कपाळावर हात मारला. साहेबांनी मात्र विचारलं, "का?" इतक्या दिवसांत हे कोणी विचारलंच नव्हतं.

"वाजते म्हून. चोर पयून जातेत. सगळेच काहाडून ठेवतात, साहेब."

साहेबांनी व्हरांड्याकडे पाहिलं. "खरं आहे का हे?" मग एक म्हातारा नाकेदार आत आला, कमरेचा पट्टा सोडून त्याने साहेबांपुढे धरला. "हाव साहेब. आमी सगळेच ठेवतो." साखळी वाजतच राहिली.

पुढे कितीतरी दिवसांनी हुकूम आला. या वेळी पानभर. मीच ह्यांना मोठ्याने वाचून दाखवला. पट्टा नसणे नियमाविरुद्ध आहे, पण तो कामासाठीच काढला होता. सबब जखम कामावरचीच. पट्टा अंगावर नव्हता हे जागेवरच्या पंचनाम्यात आधीच नोंदलेले आहे. पट्टा होता असे सांगणे या बाईच्या फायद्याचे असूनही तिने तसे सांगितले नाही, म्हणून तिचे बाकीचे म्हणणेही विश्वासार्ह मानले आहे.

खोली राहिली. हे वाकड्या जबड्याने हसत होते. मी मात्र चौकट धरून खाली बसले.

"आता काऊन भेऊन राह्यली?" ह्यांनी विचारलं.

मी पंचनाम्याची ओळ पुन्हा वाचली. साहेबांपुढे मी तोंड उघडलं होतं, ते 'अंगावर होता' म्हणायलाच.