औषधाच्या पेल्यातला उपास

आमच्या डॉक्टरकाकांचा धर्म शनिवारी लिफ्टच्या बटणापाशी येऊन अडायचा. जर्मनीतल्या एश्बॉर्नला आम्ही चौथ्या मजल्यावर राहतो. काका दोन गल्ल्या पलीकडून चालत यायचे, जिना चढून घामाघूम व्हायचे आणि दारात धापा टाकत म्हणायचे, "पायऱ्या हृदयाला फार चांगल्या, बाय." रविवारी मात्र त्यांना पहिल्या मजल्यावर जायलाही लिफ्ट लागायची. तेव्हा हृदयाचं काय होतं, असं मी एकदा विचारलं. "रविवारी त्यालाही सुट्टी," असं उत्तर मिळालं.

काका बेने इस्राएल, मूळचे रेवदंड्याकडचे. म्हणजे धर्माने यहुदी आणि भाषेने आपले. मुंबईत डॉक्टरकी शिकून जर्मनीत आले आणि इथेच मुरले. ते आमचे हाउसआर्ट्स्ट, म्हणजे घरचे डॉक्टर. मराठी थेट अलिबागची, पण मध्येमध्ये जर्मन 'आल्झो' आणि 'गेनाऊ' पेरलेली. कोणी पेशंट "माझं शरीर आहे, मी बघून घेईन" म्हणाला की ते चष्मा काढून ठेवत. "शरीर तुझं कुठे? तू भाडेकरू. घर मालकाचं आहे, आणि आमच्या मालकाची हाउसऑर्डनुंग फार कडक आहे." हाउसऑर्डनुंग म्हणजे इमारतीची नियमावली, तिच्यात रविवारी आवाज वर्ज्य. रविवारी भिंतीत खिळा ठोकून शेजाऱ्यांची बोलणी खाल्लेल्या माझ्यासारखीला हे लगेच पटलं.

एका उन्हाळ्यात सासूबाई पुण्याहून आमच्याकडे आल्या होत्या. त्यांना मधुमेह, आणि संकष्टी कडक निर्जळी. इथे उन्हाळ्यात चंद्रोदय मध्यरात्र उलटल्यावर होतो, याची गणपतीला कल्पना नसावी. सकाळची गोळी त्यांनी पाण्याशिवायच, पण न चुकता घेतली होती, पोटात मात्र काही नाही. दुपारी त्यांना दरदरून घाम फुटला, हात थरथरायला लागले. साखर पुढे केली तर त्यांनी दात घट्ट मिटून घेतले. मी फोन उचलला आणि परत ठेवला. शनिवार होता. काका शब्बाथला, म्हणजे त्यांच्या शनिवारच्या विश्रांतीच्या दिवशी, यंत्राला हात लावत नाहीत. उगीच त्यांना पापात कशाला पाडा? अशा अस्सल मराठी भिडेपोटी मी वीस मिनिटं घालवली.

शेवटी फोन केला. पहिल्याच रिंगला त्यांनी उचलला. तीन मिनिटांत ते हजर. स्वतः गाडी चालवत आले आणि लिफ्टने वर आले! सासूबाईंना एकच शब्द म्हणाले, "तोंड." सासूबाईंनी आयुष्यात पहिल्यांदा कोणाचं तरी मुकाट्याने ऐकलं आणि तोंड उघडून साखर घेतली. त्यांना हुशारी आल्यावर फोनला किती उशीर झाला ते मी सांगितलं, तसे काका माझ्याकडे वळले. त्यांना एवढं चिडलेलं मी कधीच पाहिलं नव्हतं.

"वीस मिनिटं?"

"काका, आज शनिवार म्हणून..."

"जीव धोक्यात असला की शनिवार मोडायची परवानगी नसते, बाय. हुकूम असतो. तू माझा धर्म सांभाळत बसलीस आणि ही बाई हातची गेली असती!"

मी रडले. सासूबाई मात्र आपल्याच दुःखात होत्या. "अहो डॉक्टर, माझी चतुर्थी मोडली हो."

काका खुर्ची ओढून त्यांच्यापाशी बसले. "ताई, आमच्यात सांगितलंय, आजाऱ्याने उपासाच्या दिवशी खायचंच. हवं तर मोजून खायचं. तीस मिलि घ्यायचे, नऊ मिनिटं थांबायचं, पुन्हा तीस. जीव राहतो आणि उपासाचाही मान राहतो." खोकल्याच्या औषधाच्या बाटलीवरचा प्लास्टिकचा पेला त्यांनी स्वतः धुऊन दिला. कशात तरी नेम आहे म्हटल्यावर सासूबाईंची कळी खुलली. संध्याकाळपर्यंत त्या घड्याळ लावून दूध पीत होत्या.

पुढे काकू गेल्या, आणि काकांच्या मूत्रपिंडांनी कुरकूर सुरू केली. त्यांचा वर्षातला सर्वांत मोठा उपास जवळ आला. काका त्याला कोकणातल्या जुन्या नावाने 'दारफाळणीचा सण' म्हणत. त्यांचे पूर्वज त्या दिवशी दारं लावून घरात बसत. आदल्या दिवशी वोल्फ्सबुर्गहून त्यांच्या मुलीचा फोन आला. तिला मराठी कळतं, पण ती जर्मनमध्येच बोलते. धर्मगुरू रब्बी म्हणतो खा, हॉस्पिटल म्हणतं खा, पापा ऐकत नाहीत, तूच बघ, असं ती रडत सांगत होती. पेशंट नको म्हणाला तरी डॉक्टरचं ऐकायचं, असा नियम काकांनीच आम्हाला शिकवला होता. आता ते म्हणत होते, "डॉक्टर मीच आहे. मला चालेल." पेशंट आणि डॉक्टर यांचं असं संगनमत मी प्रथमच पाहिलं.

त्या वर्षीही सासूबाई इथेच होत्या. सकाळी त्यांनी पेला आणि स्वयंपाकघरातलं गजराचं घड्याळ पिशवीत टाकलं आणि मला म्हणाल्या, "चल." काकांचं दार बंद. बेल वाजवली, काही नाही. मग त्या दाराला तोंड लावून म्हणाल्या, "अहो डॉक्टर, दार उघडा. त्या दिवशी मी तुमचं ऐकलं होतं."

बऱ्याच वेळाने दार उघडलं. काका पांढऱ्या कपड्यांत, भिंतीचा आधार घेऊन उभे. ओठ सुकलेले.

"ताई, सगळी वर्षं बायकोबरोबर उपास केला. ती गेल्यावर पहिल्याच वर्षी मी खायचं? कोणत्या तोंडाने?"

सासूबाईंना वैधव्याची बारा वर्षं झाली होती.

"ह्याच तोंडाने," त्या म्हणाल्या. "घर मालकाचं ना? मग भाडेकरूने काय ते पाडायचं?"

सासूबाईंनी त्यांच्याच फ्रिजमधलं दूध पेल्यात ओतलं. काकांनी पेला दोन्ही हातांनी धरला, काहीतरी पुटपुटले, आणि प्याले. मग सासूबाईंनी घड्याळ लावलं. दुपारपर्यंत त्यांना एवढी तरतरी आली, की गजर आठच मिनिटांत झाला अशी तक्रार करून त्यांनी सासूबाईंशी वाद घातला. अंधार पडल्यावर म्हणाले, "आजवरचा सगळ्यात कठीण उपास हाच, ताई."

त्या हिवाळ्यात काका गेले. त्यांच्यावर मूठभर माती टाकताना मला ती वीस मिनिटं आठवत होती, आणि त्यांचा राग हवाहवासा वाटत होता.

सासूबाई आता पुण्यात असतात. संकष्टीला व्हिडिओ कॉल केला की बोलता बोलता त्यांच्याकडे गजर होतो. "थांब गं," त्या म्हणतात, "डॉक्टरांची वेळ झाली." मग त्या पेला तोंडाला लावतात, आणि तो रिकामा झाला की पुढच्या नऊ मिनिटांचा गजर लावतात.