पोथीची शेवटची पानं

हे मी आजवर कुणापाशी काढलेलं नाही. भावापाशी नाही, देवापुढे तर नाहीच — देवापुढे माणूस जास्त खोटं बोलतो. माझी बायको पारू होती तोवर तिच्यापासून लपवायचं होतं. आता ती गेली. मग लपवू कुणापासून? दुसरी यत्ता शिकलेला माणूस मी, वेडंवाकडं लिहितोय. वाचा.

आम्ही मूळचे कुळगावचे. अंबरनाथच्या हद्दीवर चार म्हशी बांधल्या होत्या आणि उल्हासनगरच्या कॅम्पात दुधाचा रतीब घालत होतो. सिंधी लोकांना येऊन दोन-तीन वर्षं झाली असतील. लष्कराच्या जुन्या बराकी, मधे गोणपाटाचे पडदे, एका पडद्यामागे एक बिऱ्हाड. तिथल्या एका बाईला सगळे दादी म्हणत, त्यांच्यात थोरल्या बहिणीला म्हणतात तसं. फाळणीच्या गर्दीत तिचा धाकटा भाऊ हातातून सुटला, तो सुटलाच. पण दादीच्या जिभेला धार होती. पातेलं पुढे करून रोज विचारायची, "भाऊ, आज नदी किती आणि दूध किती?"

त्याच साली आमची हिरा देवीच्या साथीत गेली. चार वर्षांची पोर. पारू माझ्यासमोर रडली नाही. एकदाही नाही. दादीने तिला पापड लाटायला बोलावलं, तिथे ती रडायला लागली — आणि महिन्याभराने हसायलासुद्धा. पडद्याआडून ते हसू मला ऐकू यायचं. घरी आली की भिंत.

सगळं त्या पोथीपायी. दादीच्या बापाच्या हातची, लाल फडक्यात बांधलेली. घर सोडताना दादीने भांडीकुंडी टाकली आणि ती तेवढी उचलली. तिच्यात नदीच्या तळाशी असलेल्या नगराची गोष्ट होती. तिथे दिव्यांच्या जागी मासे पेटतात आणि इथून हरवलेली माणसं तिथे जाऊन राहतात. एकीने वाचायचं, दुसरीने ऐकायचं, रोज एक पान, खंड पडू द्यायचा नाही. शेवटच्या पानाखाली कोरी जागा. तिथे आपल्या माणसाचं नाव आपल्या हाताने आधीच लिहून ठेवायचं. शेवट एकदाच वाचायचा — वाचला की ते माणूस दाराशी येतं. दादीनेही तो कधी वाचला नव्हता.

मी पारूला म्हटलं, "मेलेलं पोर कधी परत येतं का गं?"

"तुम्हाला नको असेल. मला हवंय."

एक दिवस तिने चुलीपुढे राख पसरली. म्हणाली, "हिराचं नाव कसं लिहितात, दाखवा ना." मी बोटाने काढून दाखवलं. महिनाभर गिरवत होती.

मग मी ते का केलं? शेवट आला आणि पोर आली नाही, तर ही जिवाचं काही बरंवाईट करील म्हणून — असं मी मनाला सांगत आलो. खोटं आहे ते. मला तिचं हसू सहन होत नव्हतं. माझ्या घरचं दुःख परक्या बराकीत हलकं होत होतं, आणि मला कुणी विचारत नव्हतं.

सकाळी दादी पातेलं दाराशी ठेवून नळावर रांगेला जायची. मी फडकं सोडलं आणि मागची दहा पानं फाडली. दुसऱ्या दिवशी दादी हसत म्हणाली, "भाऊ, उंदराने सुरुवात खाल्ली! खाऊ दे, सुरुवात मला तोंडपाठ आहे." त्यांची लिपी उजवीकडून चालते, पोथी आपल्या उलट बाजूने उघडते — मला काय ठाऊक?

इथे थांबलो असतो, तर रागात हात गेला असं म्हणता आलं असतं. मी आठ दिवस जाऊ दिले. विचार केला. मग दुसऱ्या बाजूने फाडली.

शेवटच्या पानाखाली दोन नावं होती. एक त्यांच्या लिपीत, भावाचं असणार. दुसरं वाकडंतिकडं — हिरा. अख्ख्या पोथीत मला वाचता आलं ते तेवढंच. मीच शिकवलेलं. मी ते वाचलं. वाचून घरी नेलं आणि न्हाणीच्या चुलीत घातलं. त्या पाण्याने पारू न्हाली.

दुपारी दोघींची जुंपली. पारू म्हणाली, "तूच काढलीस, दादी. एकटीने वाचायचा होता तुला शेवट!" दादी छाती बडवत होती — "मैं फाडूँगी? मेरे भाई का नाम था उसमें!" आणि माझ्याकडे वळली, "भाऊ, तुम समझाओ इसको."

मी काय केलं? पारूचा दंड धरला. म्हणालो, "चल घरी. परक्यांचा भरवसा धरू नये."

त्यानंतर पारू कॅम्पात गेली नाही. दादीकडचा रतीब मी चालू ठेवला. पातेलं पुढे यायचं. नदी किती, दूध किती, हे मात्र तिने पुन्हा विचारलं नाही.

मागच्या श्रावणात पारू अंथरुणाला खिळली. चमच्याने दूध पाजत होतो. एकदम म्हणाली, "काय असेल हो त्या पोथीचा शेवट?"

मी म्हटलं, "उंदरांनी खाल्ला असेल."

"नाही. दादीनेच."

मी चमचा पुढे केला. ती दूध प्याली. तसंच समजून ती गेली.